खुराकाचे ऋण

चैत्री पौर्णिमेला म्हातोबाचे बगाड निघते, तेव्हा संगणक कंपन्यांची हिंजवडी पुन्हा शेतकऱ्यांचे गाव होते. आपल्याकडे जत्रा म्हटली की कुस्त्यांचा फड आलाच, आणि इनामासाठी घरोघरची वर्गणीही आली. आखाड्यात पैलवान एकटा उतरतो. पण त्याचे बळ दूध-तूप-बदामाच्या खुराकावर उभे असते आणि तो खुराक सहसा एका घराला झेपत नाही. खाशाबा जाधवांच्या आयुष्यात हे ठायी ठायी दिसते.

खाशाबांचा जन्म १५ जानेवारी १९२६ चा, कराडजवळच्या गोळेश्वरचा. वडील दादासाहेब स्वतः पैलवान. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकला खाशाबा गेले ते कोल्हापूरच्या महाराजांच्या खर्चाने. तिथे गादीवरची कुस्ती त्यांना नवखी होती. मातीत पाय रुततो, गादीवर तो निसटतो. मातीत पाठ टेकवली की निकाल लागतो, गादीवर एकेका गुणाचा हिशेब चालतो. रीस गार्डनर या अमेरिकी प्रशिक्षकाकडून त्यांनी ते तंत्र उचलले आणि सहावा क्रमांक मिळवला.

१९५२ च्या हेलसिंकीसाठी पैसा उभा राहीना. तेव्हा कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी राहते घर गहाण टाकून सात हजार रुपये दिले. गावकऱ्यांनी वर्गणी काढली. कॅनडा, मेक्सिको आणि जर्मनीच्या मल्लांना हरवून खाशाबा पुढे सरकले. जपानच्या शोहाची इशीईशी त्यांची लढत फार लांबली आणि ती त्यांच्या हातून निसटली. लगेच सोव्हिएत मल्ल रशीद मामेदबेकोव्हसमोर उभे राहण्याचा पुकारा झाला. नियमाने अर्ध्या तासाची विश्रांती मिळायला हवी होती, पण ती मागायला आपला एकही अधिकारी जवळ नव्हता. थकलेले खाशाबा हरले. कांस्यपदक मिळाले, स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक. दुसऱ्यासाठी १९९६ उजाडावे लागले.

कराडहून गोळेश्वरपर्यंत शंभराहून अधिक बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. तो गुलाल उतरल्यावर खाशाबांनी कोल्हापुरात कुस्त्या भरवल्या आणि त्यातून आलेल्या पैशांतून गुरुजींचे घर सोडवले. मला हा प्रसंग पदकाच्या तोडीचा वाटतो.

त्याच काळात अमेरिकेत लिओ नोमेलिनी हा खाशाबांहून दोन वर्षांनी मोठा गडी सॅन फ्रान्सिस्कोच्या संघातून अमेरिकन फुटबॉल खेळत होता. १९५० ते १९६३ या चौदा हंगामांत तो सलग १७४ सामने खेळला. त्याची जागा आघाडीच्या फळीत होती. समोरची भिंत अंगाने ढकलणे हे त्याचे काम. तोही कुस्तीगीर होता आणि फुटबॉलचा हंगाम संपला की कुस्तीच्या रिंगणात उतरून कमाई करी. त्याच्या अंगातल्या ताकदीला तिथे रोजगार होता. खाशाबांच्या ताकदीला १९५५ साली पोलीस खात्यात फौजदारकी मिळाली. सहायक पोलीस आयुक्त म्हणून ते निवृत्त झाले, पण निवृत्तिवेतनासाठी त्यांना झगडावे लागले. १४ ऑगस्ट १९८४ रोजी रस्त्यावरच्या अपघातात ते गेले. अर्जुन पुरस्कार मिळाला तो मरणोत्तर.

आता १५ जानेवारी हा महाराष्ट्राचा राज्य क्रीडा दिन आहे. हिंजवडीशेजारी बालेवाडीला भव्य क्रीडासंकुल उभे आहे. तरीही गावोगावच्या तालमीत पहाटे माती उकरणाऱ्या पोरांपुढे जुनाच प्रश्न आहे: खुराकाचे काय? खाशाबांच्या प्रतिमेला हार जरूर घालावा. पण त्याच दिवशी ज्याला परवडते त्याने जवळच्या तालमीतल्या एका पोराला वर्षभर दुधाचा रतीब लावून द्यावा.