लेजर गेलं, कारकुनाचं काय झालं?

बँकेतून निवृत्त झालेल्या एखाद्या काकांपुढे 'बॅलन्सिंग' हा शब्द काढून बघा. लेजरची बेरीज जुळत नाही म्हणून शाखा बंद झाल्यावरही चाललेली शोधाशोध ते रंगवून सांगतील. फरकाला ९ ने भाग गेला, की समजायचं: कुठंतरी ५६ चे ६५ झालेत. हे कसब संगणकाने एका फटक्यात निकामी केलं. आज एआयच्या नावाने जी धास्ती आहे, ती या मंडळींनी चाळीस वर्षांपूर्वी अनुभवली आहे.

गैरसमज : यंत्र आलं की माणूस घरी जातो.

वस्तुस्थिती : हे अर्धंच खरं. १९८३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सी. रंगराजन यांच्या अध्यक्षतेखाली संगणकीकरणाची समिती नेमली. त्याच वर्षी बँका आणि कर्मचारी संघटना यांच्यात करारही झाला. यंत्रं आली ती त्या कराराच्या चौकटीत. लेजर लिहिणारे काउंटरवर, कर्जविभागात, यंत्रावर बसले. मात्र 'कोणाचंच काही गेलं नाही' हीसुद्धा थापच. २०००-०१ मध्ये सरकारी बँकांतून लाखाच्या आसपास लोक स्वेच्छानिवृत्ती घेऊन बाहेर पडले. एकूण कर्मचाऱ्यांत कारकुनांचं प्रमाणही पुढे घटत गेलं. म्हणजे झळ जास्त बसली ती काकांना नव्हे, त्यांच्या मुलांच्या पिढीला.

गैरसमज : संघटनांचा विरोध हा निव्वळ आडमुठेपणा होता.

वस्तुस्थिती : थोडा होताही. पण त्या घासाघिशीतून शिकायला सवड मिळाली. माझ्या मते त्या कराराची खरी कमाई हीच. असे समज बँकेबाहेर, शाळेतही आहेत.

गैरसमज : वर्गात टॅब आले, शाळा बदलली.

वस्तुस्थिती : सोलापूर जिल्ह्यातल्या परितेवाडीच्या जिल्हा परिषद शाळेतले रणजितसिंह डिसले ओळखले जातात ते पाठ्यपुस्तकांतल्या क्यूआर कोडसाठी. २०२० चा ग्लोबल टीचर पुरस्कार मिळाल्यावर तर कोडचीच चर्चा. खरी मेख वेगळी होती. मुलांच्या घरची भाषा कन्नड, पुस्तकं दुसऱ्याच भाषेत. गुरुजी आधी कन्नड शिकले, पुस्तकं त्या भाषेत नेली आणि मग त्यांवर कोड डकवले. नुसता कोड डकवला असता तर पोरांना न कळणारा धडा मोबाइलवर दिसला असता, एवढंच.

गैरसमज : चाळिशीनंतर संगणक डोक्यात शिरत नाही.

वस्तुस्थिती : २००१ मध्ये राज्यात एमएस-सीआयटी ही संगणक साक्षरतेची परीक्षा सुरू झाली. पुढे सरकारी कर्मचाऱ्यांची वेतनवाढ संगणक परीक्षेशी जोडली गेली, तेव्हा चाळिशी ओलांडलेले कारकूनही कॉलेजच्या पोरांशेजारी माउस धरायला बसले आणि पास झाले. अडतं ते वयापाशी नाही, वेळेपाशी. तेव्हा तुमच्या ऑफिसात किंवा शाळेत नवी प्रणाली येत असेल, तर तिची किंमत नंतर विचारा. आधी विचारा, ती शिकायला कामाच्या वेळेतले किती तास मिळणार?