विजेचें बिल आणि मीटरची साक्ष

श्रोतेहो, वाण्याच्या तराजूंत पासंग आढळला तर गिऱ्हाईक तेथल्या तेथें भांडतें. विजेचा तराजू मात्र आपल्याच दारीं अहोरात्र टांगलेला असून तो पारखून पाहावा असें आपल्या मनांतहि येत नाहीं. त्या तराजूविषयीं, म्हणजे मीटरविषयीं, आज दोन शब्द सांगावयाचे आहेत.

आमच्या शेजारीं एक आजी एकट्याच राहतात. गेल्या उन्हाळ्यांत त्या भर दुपारीं जिन्यांत बसलेल्या दिसल्या. कारण विचारतां म्हणाल्या, “मास्तर, पंख्याचें बिल फार येतें हो.” एक पंखा, दोन दिवे आणि लहानसा फ्रिज एवढ्या संसाराला दरमहा १३० युनिटें! अकरा महिने त्या निमूटपणें पैसे भरीत होत्या.

१००० वॅटचें उपकरण एक तास चाललें म्हणजे एक युनिट खर्ची पडतें. ७५ वॅटचा पंखा रोज १२ तास फिरला तर महिन्याला २७ युनिटें होतात. फ्रिजचें रोज एक, म्हणजे ३०, दिव्यांचीं चार. एकूण ६१. प्रथम मीं बिलावरचा आंकडा व मीटरवरचा आंकडा ताडून पाहिला, कारण पुष्कळ वेळां चूक मीटरची नसून वाचणाराची असते. ते जुळले. मग घरांतील सर्व उपकरणें बंद केलीं. मीटरवरचा लुकलुकणारा दिवाहि थांबला. तो लुकलुकत राहता, तर कोठें तरी वीज गळत आहे, किंवा दुसऱ्या कोणाची तार आपल्या तारेला जोडलेली आहे, किंवा मीटरच बिघडलेलें आहे, असा संशय घ्यावा लागला असता.

शेवटीं पाणी तापविण्याचा १००० वॅटचा रॉड बादलींत बुडवून सहा मिनिटें चालविला. त्या मीटरवर एका युनिटास ३२०० लुकलुकी असें छापलेलें होतें. तेव्हां सहा मिनिटांत सुमारें ३२० व्हावयास हव्या होत्या. झाल्या ६३०! विजेच्या दाबामुळें थोडा फरक पडतो, पण दुप्पट पडत नाहीं.

हें प्रमाण घरगुती होय. कचेरींत तें चालत नाहीं. म्हणून मीटर तपासण्याचा लेखी अर्ज द्यावा, त्याची पोंच घ्यावी आणि तपासणीचा अहवाल मागावा. दरम्यान बिल थकवूं नये. विद्युत अधिनियम, २००३ च्या ५६ व्या कलमाप्रमाणें मागितलेली रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीची रक्कम, यांपैकीं जी कमी असेल ती निषेध नोंदवून भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत पुरवठा तोडतां येत नाहीं. एरव्हींहि थकबाकीसाठीं वीज तोडण्यापूर्वीं १५ दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. कंपनीनें दाद न दिल्यास ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे जावें, आणि तेथील निर्णय न पटल्यास ६० दिवसांच्या आंत विद्युत लोकपालाकडे. महाराष्ट्रांत लोकपालांचीं कार्यालयें मुंबईस व नागपुरास आहेत.

आजींचा अर्ज मीं लिहिला. मीटर वेगानें धांवत असल्याचें तपासणींत ठरलें, तें बदललें आणि बिल दुरुस्त झालें. परंतु महाराष्ट्र विद्युत नियामक आयोगाच्या २०२१ च्या संहितेप्रमाणें सदोष मीटरच्या बिलाची दुरुस्ती, वाद उपस्थित झाला त्या महिन्यापूर्वींच्या फार तर तीन महिन्यांपुरतीच होते. तीन महिन्यांचे पैसे परत आले. आधींच्या आठ महिन्यांचे गेले ते गेलेच.

या आठ महिन्यांचा दोष मी केवळ मीटरच्या माथीं मारीत नाहीं. जन्मभर मुलांना त्रैराशिक शिकविलें, आणि भिंतीपलीकडच्या म्हातारीला “बिल किती आलें?” हा एक प्रश्न विचारावयास मला अकरा महिने लागले! श्रोतेहो, या महिन्याचें बिल आलें म्हणजे मागच्या बिलाशीं ताडून पाहा. आणि आपलें पाहून झालें कीं शेजारच्यांचेंहि पाहा.