नट बसले, पण चाक बसले का?

नागपूरहून कामठी, कन्हान, मनसर असा जबलपूरकडे जाणारा रस्ता आमच्या गावातून जातो. गोंडेगाव, इंदर आणि कामठीच्या खाणींचा कोळसा वाहणारे ट्रक येथे रात्रंदिवस धावतात. त्यांच्याच बाजूने आता लहान मोटारीही मोठ्या संख्येने धावू लागल्या आहेत. ज्या घरात आजोबांनी बंडी हाकली आणि वडिलांनी सायकलवरून खाणीची पाळी केली, त्या घरापुढे आज एक चारचाकी उभी दिसते. पुष्कळदा ती दुसऱ्याकडून घेतलेली, चार-सहा वर्षे वापरलेली असते. पण घरातली ती पहिली मोटार! साहजिकच तिला नटवावेसे वाटते. सीटला नवे कव्हर येते, काचेपुढे गणपती बसतो आणि मग नजर जाते ती चाकांकडे. काळ्या लोखंडी रिमऐवजी चकचकीत अॅलॉयच्या रिम बसवल्या की जुनी गाडीही नवरीसारखी दिसते.

कलाशाखेच्या विद्यार्थ्याने रिमवर लेख लिहावा, याचे काही वाचकांना नवल वाटेल. परंतु माझ्या मामांचे रस्त्यालगत टायरचे दुकान आहे आणि सुट्टीत माझा मुक्काम तेथेच असतो. तेथे एक संवाद मी इतक्या वेळा ऐकला आहे की तो मला पाठ झाला आहे. गिऱ्हाईक म्हणते, "मामा, चारही नट बसले न, मंग आता काय पाह्याचं राह्यलं?" मामांचे उत्तर ठरलेले, "नट बसले बाबू, चाक बसाचं आहे अजून." या लेखाचा विषय एवढाच आहे. भोके जुळणे आणि चाक बसणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि या दोहोंमधील अंतरावर कधी कधी पाच माणसांचा जीव टांगलेला असतो.

प्रथम आकाराचा विचार करू. रिमच्या आतल्या बाजूस '५ जे × १४' असे काही कोरलेले असते. यातील १४ हा रिमचा व्यास, इंचांत. ५ ही रिमची रुंदी, तीही इंचांत. टायरच्या दोन कडा जेथे टेकतात त्या दोन जागांमधील हे अंतर होय. 'जे' हे अक्षर रिमच्या काठाचा घाट सांगते. टायरवरचे आकडे मात्र निराळ्या पद्धतीचे असतात. '१६५/८० आर १४' याचा अर्थ टायरची रुंदी १६५ मिलिमीटर, त्याच्या भिंतीची उंची रुंदीच्या ८० टक्के, बांधणी रेडियल आणि रिम १४ इंची. एकाच टायरवर मिलिमीटर, टक्के आणि इंच असे तिन्ही सुखाने नांदतात!

आता थोडे गणित करू. मारुती स्विफ्ट ही आपल्याकडे घरोघरी दिसणारी गाडी. तिच्या काही प्रकारांना १६५/८० आर १४ हे टायर येतात, तर वरच्या प्रकारांना १८५/६५ आर १५. पहिल्यात टायरची भिंत १३२ मिलिमीटर आणि रिम ३५५.६ मिलिमीटर; दोन्हीकडच्या भिंती धरून चाकाची एकूण उंची सुमारे ६२० मिलिमीटर. दुसऱ्यात भिंत १२० मिलिमीटरच्या आसपास आणि रिम ३८१ मिलिमीटर; एकूण उंची सुमारे ६२१.५ मिलिमीटर. म्हणजे रिम एक इंचाने वाढली, परंतु चाक जवळपास तेवढेच राहिले! कारखान्यातील अभियंत्यांनी रिम वाढवताना टायरची भिंत तेवढीच उतरवली. आपण मात्र भिंत तीच ठेवून नुसती रिम एक इंचाने वाढवली, तर चाक सुमारे ४ टक्क्यांनी मोठे होते. मग वेगाचा काटा पूर्वी जेथे ८० दाखवत असे, तेथे गाडीचा प्रत्यक्ष वेग ८३ च्या वर गेलेला असतो. टायर मडगार्डला घासण्याची भीती असते, ती निराळीच. म्हणून मूळ उंचीपेक्षा दोन-तीन टक्क्यांहून अधिक फरक पडू देऊ नये, असा जाणत्यांचा दंडक आहे. रुंदीचेही तसेच आहे. १८५/६५ आर १५ हा टायर साधारण ५ ते साडेसहा इंच रुंदीच्या रिमवर नीट बसतो. त्याहून अरुंद किंवा रुंद रिमवर त्याची भिंत चेपते अथवा ताणली जाते.

दुसरी गोष्ट नटांच्या वर्तुळाची. सर्व नटांच्या केंद्रांतून जाणारे वर्तुळ कल्पावे. त्याच्या व्यासाला दुकानदार 'पी.सी.डी.' म्हणतात. चार भोके असतील तर समोरासमोरच्या दोन भोकांच्या केंद्रांमधील अंतर मोजले की हा आकडा मिळतो. स्विफ्टचा तो १०० मिलिमीटर आहे. १९८३ च्या डिसेंबरात रस्त्यावर आलेल्या मारुती ८०० चा मात्र ११४.३ मिलिमीटर, म्हणजे बरोबर साडेचार इंच. कंपनी एक, भोके चारच, तरी एकीची रिम दुसरीला लागत नाही. इनोव्हासारख्या जड गाडीला पाच नट असतात, तर टाटांच्या नॅनोला तीनच होते. हे फरक निदान डोळ्यांना दिसतात. खरा धोका आहे तो न दिसणाऱ्या फरकात. फियाटच्या युनो आणि पॅलिओ या गाड्यांचे वर्तुळ ९८ मिलिमीटरचे होते. भंगारातून आणलेली ९८ ची रिम १०० च्या गाडीवर पाना मारून ओढून बसवता येते. प्रत्येक बोल्ट फक्त एक मिलिमीटर इकडचा तिकडे होतो. परंतु त्या एका मिलिमीटरने बोल्ट सतत वाकलेल्या अवस्थेत ताण सोसत राहतो आणि नटाचा निमुळता भाग रिमच्या खळग्यात पूर्ण टेकत नाही. असा नट धक्क्यांनी सैल होतो, नाहीतर बोल्टच तुटतो.

येथे पुष्कळांचा एक गैरसमज आढळतो. गाडीचे वजन नट पेलतात, असे त्यांना वाटते. वस्तुतः नटांचे काम रिमला ड्रमच्या तोंडावर घट्ट दाबून धरण्याचे आहे. त्या दाबाने जे घर्षण निर्माण होते, ते चाकाला सरकू देत नाही. म्हणूनच रिमच्या पाठीवर गंज, रंगाचा थर किंवा वाळू असली तर नट कितीही आवळले तरी दाब एकसारखा पडत नाही.

यातूनच तिसरी गोष्ट येते, ती रिमच्या मधल्या भोकाची. हबचा मधला गोल उंचवटा या भोकात अचूक बसला म्हणजे चाक मध्यावर येते. स्विफ्टसाठी हे माप ५४.१ मिलिमीटर आहे. बाजारातील अॅलॉय रिम एकाच साच्यातून अनेक गाड्यांसाठी काढतात, म्हणून त्यांचे मधले भोक मुद्दाम मोठे ठेवलेले असते. ती रिकामी जागा भरण्यासाठी योग्य मापाची कडी मिळते. ती न घालता रिम बसवली तर चाक केसभर बाजूला बसू शकते. गाडी गावातून ठीक चालते. पण मनसरच्या सरळ रस्त्यावर वेग वाढला की स्टिअरिंग थरथरू लागते. मालक बॅलन्सिंगवर पैसे घालतो आणि दोष मात्र कडीचा असतो.

चौथी गोष्ट सर्वांत कमी परिचित, पण फार महत्त्वाची. रिमच्या रुंदीच्या बरोबर मध्यावर एक रेषा कल्पा. ड्रमला टेकणारा रिमचा पृष्ठभाग या रेषेपासून किती दूर आहे, त्याला 'ऑफसेट' म्हणतात आणि तो रिमवर 'ई.टी.' या जर्मन अक्षरांपुढे मिलिमीटरमध्ये लिहिलेला असतो. हा पृष्ठभाग मध्यरेषेच्या बाहेरच्या बाजूस असला तर आकडा धन असतो. आजच्या बहुतेक लहान मोटारींत तो तसाच असतो. समजा, गाडीला ४५ हवा आहे आणि आपण २५ चा बसवला, तर चाक २० मिलिमीटर बाहेर येते. गाडी रुबाबदार दिसते, हे खरे. परंतु बेअरिंगवरचा भार आता लांबच्या टोकाने पडतो आणि ती लवकर वाजू लागते. खड्ड्यात स्टिअरिंग हाताला झटका देते. मागे तिघे बसून गाडी दबली की टायर मडगार्डच्या कडेला कापला जातो. आकडा अधिक घेतला तर उलट घडते. चाक आत सरकते आणि सस्पेन्शनला किंवा ब्रेकला घासते.

पाचवी गोष्ट नटांची. मारुतीच्या बोल्टांचे आटे १२ मिलिमीटर जाडीचे आणि १.२५ अंतराचे, तर ह्युंदाईचे त्याच जाडीचे, पण १.५ अंतराचे. चुकीचा नट दोन आटे सहज फिरतो, मग अडतो, आणि लांब पान्याने जोर लावला की आटे मरतात. शिवाय काही नटांचे तोंड शंकूसारखे निमुळते, काहींचे गोल आणि काहींचे सपाट असते. रिमचा खळगा ज्या घाटाचा, त्याच घाटाचा नट हवा.

सहावी आणि शेवटची गोष्ट भाराची. चांगल्या रिमवर ती किती किलो पेलू शकते हे कोरलेले असते. गाडी पूर्ण भरल्यावर ज्या आसावर अधिक वजन येते, त्याच्या निम्म्याहून हा आकडा कमी असता कामा नये. हा आकडा केवळ लिहून सिद्ध होत नाही. वाकवणारा भार देऊन रिम लाखो वेळा फिरवतात, फिरत्या ड्रमवर दाबून चालवतात, तिच्या काठावर वजन आदळतात, आणि मग ती पास ठरते. पुण्यात १९६६ साली स्थापन झालेली ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशन ही संस्था वाहनांच्या व त्यांच्या भागांच्या अशा चाचण्यांसाठी प्रसिद्ध आहे. नाव नसलेली, खूण नसलेली स्वस्त रिम या परीक्षेला बसलेलीच नसते. लोखंडी रिम खड्ड्यात वाकते, अॅलॉयची रिम तडकते. तडकलेल्या अॅलॉयला वेल्डिंग करून पॉलिश केले की तडा दिसत नाही. पण तो गेलेला नसतो.

कायद्याचाही विचार हवा. मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम ५२ नुसार निर्मात्याने ठरवलेल्या व नोंदणीपत्रात दाखल झालेल्या तपशिलाशी विसंगत असे बदल मालकाला वाहनात करता येत नाहीत. जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही या कलमाचा असाच अर्थ लावला. तेव्हा त्याच गाडीच्या वरच्या प्रकाराला कंपनी जी रिम देते, तीच निवडणे सर्वांत निर्धोक.

हे सारे प्रत्यक्षात करणे मुळीच कठीण नाही. चालकाच्या दाराजवळच्या खांबावर टायरचे माप व हवेचा दाब लिहिलेला असतो. सोबतच्या पुस्तिकेत बाकीचे मिळते. दुकानात रिम उलटी करून पाठीवरचे आकडे वाचावेत. टायर चढवण्यापूर्वी नुसती रिम लावून हाताने फिरवून पाहावी. टायर चढवल्यावर स्टिअरिंग दोन्ही बाजूंना पूर्ण वळवावे, मागे तिघांना बसवून पाहावे. नट हातानेच सुरू करावेत, समोरासमोरच्या क्रमाने आवळावेत, शेवटचा जोर चाक जमिनीवर टेकल्यावर पुस्तिकेत दिल्याइतकाच द्यावा आणि पन्नास ते शंभर किलोमीटरनंतर पुन्हा तपासावेत. स्टेपनी विसरू नये. जुनी लोखंडी स्टेपनी वेगळ्या घाटाचे नट मागत असेल तर जुने नट गाडीतच ठेवावेत.

वर्गात सर वृत्त शिकवतात तेव्हा सांगतात की ओळ कानाला गोड लागली म्हणून वृत्तात बसली असे होत नाही, गण मोजावे लागतात. चाकाचेही तसेच आहे. आमच्या गावात जी माणसे पहिल्यांदा मोटारीची मालक झाली आहेत, त्यांना हे आकडे कुणी शिकवलेले नाहीत. त्यांच्या घरी अशी पुस्तिका वाचणारेही आपणच पहिले आहोत. तेव्हा मित्रहो, पुढच्या वेळी घरचे कुणी रिम घ्यायला निघाले, तर बरोबर जा. रंग त्यांना निवडू द्या. पाठीवरचे आकडे तुम्ही वाचा. त्याच गाडीतून आई, आजी आणि धाकटी भावंडे रामटेकच्या यात्रेला जाणार आहेत.