संरक्षण धोरण नेमकं ठरतं कुठे? ओझरच्या मिगपासून राजूरच्या भरतीपर्यंत

२६ सप्टेंबर २०२५ ला चंदीगडमध्ये मिग-२१ या लढाऊ विमानाला निरोप देण्यात आला. १९६३ मध्ये ते हवाई दलात आलं तेही चंदीगडलाच. म्हणजे ६२ वर्षं! आपण पाच वर्षं जुना फोन बदलतो आणि दहा वर्षं जुन्या कोडला 'लेगसी' म्हणून नाकं मुरडतो. मग एखादं विमान साठ वर्षं का चालतं? नवीन का घेतलं नाही? त्या काळात सोशल मीडियावर हा प्रश्न बऱ्याच जणांनी विचारला. त्याचं उत्तर विमानाच्या तंत्रज्ञानात कमी आणि संरक्षण धोरण कसं तयार होतं यात जास्त आहे.

पहिली गंमत म्हणजे 'भारताचं संरक्षण धोरण' असं नाव असलेलं एखादं जाहीर पुस्तक नाही. अमेरिका, ब्रिटन, जपान असे देश आपल्या सुरक्षा धोरणाचा दस्तऐवज वेळोवेळी प्रसिद्ध करतात. आपल्याकडे तसा जाहीर दस्तऐवज आजवर निघालेला नाही. त्यामुळे धोरण समजून घ्यायचं तर निर्णय वाचावे लागतात. डॉक्युमेंटेशन नसलेला प्रोजेक्ट हातात आला की आपण सरळ कोड उघडून बसतो ना, तसंच.

१९६२ : धक्का आधी, धोरण नंतर

ऑक्टोबर-नोव्हेंबर १९६२ मध्ये चीनकडून आपला पराभव झाला, संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांना जावं लागलं आणि महाराष्ट्राचे मुख्यमंत्री यशवंतराव चव्हाण दिल्लीला गेले. 'हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला' हे वाक्य आपण शाळेपासून ऐकतो. पण सह्याद्रीने तिथे जाऊन केलं काय, हे फारसं कुणी सांगत नाही.

सगळ्यात महत्त्वाचं काम दिसायला अगदी कंटाळवाणं होतं. चव्हाणांच्या काळात १९६४ ते १९६९ अशी पंचवार्षिक संरक्षण योजना तयार झाली. सैन्य ८,२५,००० पर्यंत वाढवायचं, हवाई दलाच्या ४५ स्क्वाड्रन उभ्या करायच्या, डोंगरात लढू शकतील अशा माउंटन डिव्हिजन तयार करायच्या. त्याआधी संरक्षणावरचा खर्च राष्ट्रीय उत्पन्नाच्या साधारण दोन टक्के होता, तो दोनेक वर्षांत दुपटीच्या आसपास गेला. १९६५ च्या युद्धात याचा उपयोग झाला.

आता विमानांचं बघा. पाकिस्तानला अमेरिकेने एफ-१०४ विमानं दिली होती. भारतालाही ती हवी होती, अमेरिकेने दिली नाहीत. सोव्हिएत संघ मात्र मिग-२१ द्यायला तयार होता. नुसतं विकायला नाही, भारतात बनवू द्यायलाही. विमानाचा सांगाडा नाशिकजवळ ओझरला, इंजिन ओडिशात कोरापुटला आणि इलेक्ट्रॉनिक्स हैदराबादला, अशी वाटणी झाली. ओझरचा कारखाना १९६४ चा. द्राक्षांच्या पट्ट्यात लढाऊ विमानं बनायला लागली, कारण वॉशिंग्टनने नाही म्हटलं आणि मॉस्कोने हो म्हटलं.

कोणत्याही देशाचं धोरण ढोबळपणे चार गोष्टींच्या ओढाताणीतून तयार होतं: भीती कुणाची, पैसा किती, कारखान्यात काय बनू शकतं आणि मित्र कोण. स्वीडन दोनशे वर्षं कुठल्याच लष्करी गटात नव्हता. २०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर मोठा हल्ला केला आणि मार्च २०२४ मध्ये स्वीडन नाटोत गेला. भीती बदलली की मित्र बदलतात.

पण कारखाना तसा बदलत नाही. एकदा ओझरला मिगची लाइन उभी राहिली की पायलटचं प्रशिक्षण, सुटे भाग, मेकॅनिकचे हात, सगळं त्याच विमानाभोवती गुंफलं जातं. हवाई दलात आलेल्या साडेआठशेहून जास्त मिग-२१ पैकी सहाशेहून जास्त भारतातच बनली. आमच्या क्षेत्रात याला 'व्हेंडर लॉक-इन' म्हणतात. क्लाउड कंपनी बदलायला दोन वर्षं लागतात, इथे तर पिढ्या जातात.

एक शस्त्र विकत घ्यायचं म्हणजे

आज हा मार्ग असा आहे. सैन्य आधी आपली गरज लिहून काढतं: किती वजन, किती पल्ला, किती उंचीवर चाललं पाहिजे. संरक्षणमंत्र्यांच्या अध्यक्षतेखालची संरक्षण खरेदी परिषद 'हो, याची गरज आहे' असा शिक्का मारते. बातमीत 'हजारो कोटींच्या खरेदीला मंजुरी' असं येतं ते बहुतेक वेळा एवढंच असतं! तेव्हा ऑर्डर गेलेली नसते. त्यानंतर कंपन्यांकडून प्रस्ताव मागवतात, वाळवंटात आणि बर्फात चाचण्या होतात, किमतीची घासाघीस होते, मोठा सौदा असेल तर पंतप्रधानांच्या अध्यक्षतेखालची मंत्रिमंडळ समिती मान्यता देते आणि मग करार. यात वर्षं जातात.

माझ्या मते खरी मेख पहिल्या पायरीवर आहे. रिक्वायरमेंट लिहिणाऱ्याने जगातल्या चार उत्तम वस्तूंचे गुण एकाच कागदावर उतरवले, तर तशी वस्तू कुणीच बनवू शकत नाही आणि फाइल परत पहिल्या घरात. सॉफ्टवेअरवाल्यांना हे वेगळं सांगायला नको.

२०१६ मध्ये मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री असताना खरेदीच्या नियमांत एक नवा वर्ग आला: भारतात डिझाइन केलेली, विकसित केलेली आणि बनवलेली वस्तू आधी घ्यायची. पर्रीकर आयआयटी मुंबईचे इंजिनियर, त्यांना 'बनवलेलं' आणि 'डिझाइन केलेलं' यातला फरक सांगावा लागत नव्हता. ओझरला शेकडो मिग बनली, पण डिझाइन आपलं नव्हतं. पुढे ऑगस्ट २०२० मध्ये १०१ वस्तूंची यादी निघाली, ज्यांची आयात टप्प्याटप्प्याने बंद करायची. तशा आणखी याद्या नंतर आल्या.

मिगची जागा घ्यायला तेजसचा प्रकल्प १९८३ मध्ये मंजूर झाला. पहिलं उड्डाण जानेवारी २००१ मध्ये. ऑक्टोबर २०२५ मध्ये ओझरलाच तयार झालेलं पहिलं तेजस मार्क-१ए उडालं. पण त्याचं इंजिन अमेरिकेच्या जनरल इलेक्ट्रिकचं आहे आणि ते वेळेवर आलं नाही म्हणून २०२१ मध्ये मागवलेली विमानं रखडली. मिग गेल्यावर हवाई दलाकडे ४२ मंजूर स्क्वाड्रनपैकी २९ च उरल्या. चव्हाणांच्या योजनेतला ४५ चा आकडा आठवतोय ना?

आणि राजूर?

आमचं राजूर म्हणजे भोकरदन तालुक्यातलं गणपतीचं गाव. अंगारकीला पाय ठेवायला जागा नसते. विमानं, इंजिनं हे सगळं तिथून लांबचं वाटतं. पण पहाटे रस्त्यावर धावणारी पोरं दिसतात तेव्हा संरक्षण धोरण एकदम घरातलं होतं.

२०२५-२६ चं संरक्षण बजेट ६,८१,२१० कोटी रुपयांचं. त्यातले १,६०,७९५ कोटी पेन्शनला जातात आणि १,८०,००० कोटी भांडवली खर्चाला, म्हणजे विमानं, तोफा, जहाजं वगैरे. बाकीचा मोठा भाग पगार आणि रोजचा खर्च. नवी शस्त्रं आणि जुनी पेन्शन एकाच ताटातून जेवतात.

या पार्श्वभूमीवर १४ जून २०२२ ला अग्निपथ योजना जाहीर झाली. साडेसतरा ते एकवीस वयाच्या मुलांना चार वर्षांसाठी घ्यायचं, शंभरातल्या जास्तीत जास्त पंचवीस जणांना पुढे कायम करायचं, बाकीच्यांना सुमारे ११.७१ लाख रुपये सेवा निधी, पण पेन्शन नाही. सैन्याचं सरासरी वय ३२ वरून २६ वर यावं हा हेतू, असं सरकारने सांगितलं. टीकाकार म्हणतात, खरं कारण पेन्शनचा बोजा. मला वाटतं दोन्ही खरं आहे, आणि त्यात लपवण्यासारखं काही नाही. लपतं ते हे की दिल्लीच्या ताळेबंदातला बोजा कमी होतो तेव्हा तो कुठेतरी जातोच. दोन एकर कोरडवाहू असलेल्या घरात 'पोरगा मिलिट्रीत' याचा अर्थ पंधरा-सतरा वर्षांची नोकरी आणि नंतर आयुष्यभराची पेन्शन असा होता. त्यावर बहिणीचं लग्न, विहीर, बँकेचं कर्ज उभं राहायचं. चार वर्षांच्या नोकरीवर हा हिशेब बसत नाही, वेगळा मांडावा लागतो.

पहिल्या तुकड्या २०२२ च्या अखेरीस आणि २०२३ च्या सुरुवातीला आत गेल्या. त्यांची चार वर्षं २०२६-२७ च्या सुमारास भरतात. किती जण कायम होतात आणि बाहेर आलेल्यांना निमलष्करी दलांतलं आरक्षण प्रत्यक्षात किती मिळतं, हे तेव्हा आकड्यांत दिसेल.

ते आकडे बघायचे असतील तर टीव्हीच्या चर्चा सोडा. बजेटनंतर संसदेची संरक्षणविषयक स्थायी समिती खात्याच्या मागण्या तपासते आणि तिचे अहवाल लोकसभेच्या वेबसाइटवर फुकट मिळतात. सैन्याने किती मागितले आणि किती मिळाले, किती जागा रिकाम्या आहेत, हे तिथे तक्त्यात असतं. भरतीच्या तयारीला लागलेल्या भावाला किंवा पुतण्याला ती पीडीएफ आधी पाठवा, शूज नंतर घेऊन द्या.