अठ्ठ्याऐंशी पट्ट्यांची संगत

धानाची कापणी आटोपली, दिवाळी सरली की आमच्या लाखांदूरकडच्या गावांना मंडईचे वेध लागतात. लेकीबाळी माहेरी येतात, सोयरेधायरे जमतात, घरात पाय ठेवायला जागा उरत नाही. दिवसा मंडई आणि रात्री नाटक, हा इकडचा रिवाज. वैनगंगा ओलांडली की वडसा. झाडीपट्टी रंगभूमीचे ते माहेरघर. तिथल्या मंडळ्या पार होळीपर्यंत गावोगाव रात्र रात्र नाटके करतात. याच रंगभूमीचे कलावंत परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा आमच्याकडे घरच्या माणसाला मिळाल्यासारखा आनंद झाला.

लहानपणी नाटकातली माझी जागा ठरलेली असे. रंगमंचापुढे, ऑर्गनला टेकून. ऑर्गनवर माझे मामा आणि तबल्यावर त्यांचे दोस्त. त्यांना मी काका म्हणायचो. पेटी वाजवणाऱ्याचा एक हात भात्यात अडकलेला असतो. ऑर्गनचा भाता पायांनी चालतो, म्हणून दोन्ही हात सुरांना मोकळे. गंधर्व नाटक मंडळीच्या काळापासून ऑर्गनने मराठी नाट्यपदांना भारदस्तपणा दिला. त्याच मंडळीत तबल्याला साक्षात अहमदजान तिरखवाँ होते. पुढे गोविंदराव पटवर्धनांनी पेटी आणि ऑर्गनच्या साथीलाच आयुष्य वाहिले. मामांना ही नावे देवासारखी. पण नटाने पद मध्येच सोडले, तर त्याला सावरून घ्यायला ते काकांकडे नुसते पाहत. पुढचे काम डोळ्यांतच होऊन जाई.

नागपुरात शिकायला असताना एका मित्राकडून मी दोन पियानोंच्या वादनाची कॅसेट आणली. वादक होते आर्थर फेरांटे आणि लू टायकर. मामांनी ती अंगणात बसून तीनदा ऐकली आणि म्हणाले, ‘‘हे दोघं एकमेकांचा श्वास ऐकतेत गा!’’

किती खरे होते ते! फेरांटे १९२१चे, टायकर १९२४चे. न्यूयॉर्कच्या ज्युलियार्ड संगीतशाळेत पोरवयातच दोघांची गाठ पडली. तिथेच शिकले, तिथेच शिकवू लागले आणि १९४७ पासून जोडीने कार्यक्रम करू लागले. सुरुवातीला त्यांनी अजब उद्योग केले. पियानोच्या तारांमध्ये कागद, रबर, लाकडाचे ठोकळे घालून निराळेच आवाज काढले. जाणकारांनी कौतुक केले, पण घराघरांत ते पोचले १९६० नंतर. ‘द अपार्टमेंट’ आणि ‘एक्सोडस’ या चित्रपटांच्या धूनांनी त्यांना अमेरिकेत अफाट लोकप्रियता दिली. १९६९मध्ये ‘मिडनाइट काउबॉय’ची धूनही अशीच गाजली. दोन मोठे पियानो एकमेकांत बसतील असे मांडायचे आणि समोरासमोर बसायचे, म्हणजे वाजवताना नजर थेट जोडीदारावर. चाळीसहून अधिक वर्षे अशी काढून १९८९ साली दोघे निवृत्त झाले. त्यानंतरही फ्लोरिडात घराजवळच्या एका पियानोच्या दुकानात ते अधूनमधून एकत्र वाजवत.

ऑगस्ट २००८मध्ये टायकर गेले. सप्टेंबर २००९मध्ये, अठ्ठ्याऐंशीवा वाढदिवस साजरा होऊन दोन आठवडे होण्याआधीच, फेरांटेही गेले. पियानोला पट्ट्या अठ्ठ्याऐंशी. पट्टीमागे एक वर्ष जगायचे, असे ते म्हणत. ते खरे झाले.

ही बातमी मी वाचली त्याच हिवाळ्यात काकांचा उजवा हात अर्धांगवायूने लुळा पडला. मला वाटले, आता मामाही ऑर्गन बंद करतील. पण दिवाळी झाली आणि मामा एका नव्या पोराला तबल्यावर घेऊन हंगामाला निघाले! मला ते फार लागले. इतक्या वर्षांची संगत, आणि एक हंगामसुद्धा थांबवला नाही? मी त्या वर्षी नाटकाला गेलो नाही. पुढे मामांशी बोलणेही तुटक झाले. महिन्याच्या महिन्याला पगार घेणाऱ्याला असा ताठा परवडतो, हे तेव्हा कळले नाही.

मामा गेले, त्यानंतर मामींनी त्यांची वही माझ्या हातात ठेवली. प्रत्येक नाटकाची तारीख, गाव आणि बिदागी. २००९च्या दिवाळीपासून मात्र प्रत्येक गावापुढे बिदागीचे तीन आकडे होते. एक त्या पोराचा, एक मामांचा आणि तिसरा, मामांच्या आकड्याइतकाच, काकांच्या नावाचा. एकही रात्र चुकली नव्हती.

‘‘तो पोरगा कोण, ठाऊक आहे ना?’’ मामींनी विचारले. ‘‘काकांनीच तयार केलेला. हात चालत नव्हता, तर बाजेवर पडून तोंडाने बोल सांगत. तुमचे मामा म्हणत, हात बदलला, ठेका त्याचाच हाय.’’

मी काही बोलू शकलो नाही. यंदाच्या मंडईत खूप वर्षांनी रंगमंचापुढे जाऊन बसलो. ऑर्गनच्या जागी आता विजेवर चालणारा कीबोर्ड आहे. तबल्यावर तोच पोरगा, आता केस पिकलेला. पद सुरू झाले, नट जरा अडखळला आणि त्याने कीबोर्डवाल्याकडे नुसते पाहिले.