अजिंठा ‘उरकू’ नका! ३० लेण्यांपैकी चारच का बघावीत आणि अंधारात चित्रं दिसण्यासाठी काय करावं?

अजिंठ्याला जाऊन आलेल्या कुणालाही विचारा, काय बघितलंस? उत्तर जवळपास ठरलेलं असतं. “लेणी भारी आहेत रे, पण चित्रं काही नीट दिसत नाहीत. अंधारच फार.” मग मोबाईल पुढे येतो. त्यात व्ह्यू पॉइंटचे पंधरा फोटो, ग्रुप सेल्फी आणि पद्मपाणीचा एक हललेला, पिवळट फोटो.

यात चूक अजिंठ्याची नाही आणि बघणाऱ्याचीही नाही. गडबड आहे ती वेळेच्या हिशोबात. आपली नेहमीची सहल कशी असते? सकाळी छत्रपती संभाजीनगरहून गाडी निघते. शंभरेक किलोमीटरचा रस्ता. फर्दापूरच्या फाट्यावर गाडी लावायची, तिथून बसने चार किलोमीटर, मग तिकीट, मग पायऱ्या. लेण्यांशी पोहोचेपर्यंत अकरा वाजून जातात. परत जाऊन बीबी का मकबराही ‘करायचा’ असतो. म्हणजे हातात उरले दोन तास आणि समोर ३० लेणी. एका लेण्याला चार मिनिटं. त्यातच चालणं आलं, चपला काढणं-घालणं आलं.

आता मुद्दा असा की चार मिनिटांत माणसाच्या डोळ्याला अजिंठ्याचं चित्र दिसतच नाही. हे अलंकारिक नाही, शब्दशः खरं आहे.

चालू सिनेमाच्या मध्येच थिएटरात शिरलात की काय होतं आठवा. सीटचा नंबर दिसत नाही, कुणाच्या तरी पायावर पाय पडतो. दहा मिनिटांनी मात्र शेजारच्याच्या हातातला पॉपकॉर्नचा पुडासुद्धा दिसायला लागतो. थिएटरातला उजेड वाढलेला नसतो, बदललेला असतो आपला डोळा. डोळ्याच्या पडद्यावर दोन प्रकारच्या पेशी असतात. भरपूर उजेडात आणि रंग ओळखायला शंकूच्या आकाराच्या, अंधुक उजेडात दंडाच्या आकाराच्या. उन्हातून अंधारात आल्यावर पहिल्या प्रकारच्या पेशी पाच-दहा मिनिटांत सावरतात. दुसऱ्या प्रकारच्या पेशींना पूर्ण जागं व्हायला वीस ते तीस मिनिटं लागतात.

अजिंठ्याला बाहेर लख्ख ऊन, काळ्या कातळावरून तापलेली हवा आणि आत जेमतेम उजेड. आपण आत शिरतो, गाईड बोलतो, डोळे थोडे सावरायला लागतात आणि तेवढ्यात “चला, पुढचं लेणं!” पुन्हा उन्हात. पुन्हा शून्यापासून सुरुवात. असं दिवसभर चालतं.

मग आत मोठे दिवे का लावत नाहीत?

हा प्रश्न प्रत्येकाला पडतो. कारण ही चित्रं ज्यावर काढली आहेत तो गिलावा मातीचा आहे. खडबडीत कातळावर माती, भाताचा तूस, वनस्पतींचे तंतू असं मिसळून लिंपलेलं, त्यावर चुन्याचा पातळ हात आणि तो वाळल्यावर वर रंग. युरोपात ओल्या चुन्यावर रंग भरून तो भिंतीतच मुरवायची पद्धत होती, तसं इथे नाही. इथे रंग वर बसला आहे. लाल आणि पिवळी गेरू, हिरवी माती, चुन्याचा पांढरा, काजळीचा काळा आणि निळ्यासाठी थेट अफगाणिस्तानातून आलेला राजावर्त दगड. बहुतेक चित्रं पाचव्या शतकातली, वाकाटक राजा हरिषेणाच्या काळातली. म्हणजे दीड हजार वर्षांपूर्वीचा मातीचा लेप आज भिंतीला धरून आहे. झगझगीत उजेडानं रंग उडतात, गर्दीच्या श्वासानं आणि घामानं आतला दमटपणा वाढतो. फ्रान्समधली लास्को गुहा १९६३ साली लोकांसाठी कायमची बंद करावी लागली, त्यामागे मोठं कारण होतं बघायला येणाऱ्यांचे श्वासच. अजिंठ्यात फ्लॅशला बंदी आणि चित्रांच्या लेण्यांत एका वेळी मोजकेच लोक, हे यासाठी.

चित्रांवरचा पिवळटपणा मात्र सगळा काळाचा नाही. एकोणिसाव्या शतकात नकला काढणाऱ्यांनी रंग खुलून दिसावेत म्हणून चित्रांवर व्हार्निश फिरवलं. पुढे १९२०च्या दशकात हैदराबादच्या निजामानं इटलीहून दोन तज्ज्ञ बोलावले. त्यांनी सुटत चाललेले पापुद्रे भिंतीला घट्ट बसवले, हे मोठंच काम. पण वर लावलेली लाख काळानुसार तपकिरी पडली. म्हणजे ज्यांनी चित्रं वाचवली त्यांनीच ती थोडी झाकलीही.

आता वीस मिनिटं थांबल्यावर नेमकं काय मिळतं ते बघू. १ नंबरचं लेणं घ्या. बहुतेक लोक सरळ मागच्या भिंतीकडे, पद्मपाणीकडे जातात. हातात निळं कमळ, झुकलेली नजर, पुस्तकांत हजारदा पाहिलेला चेहरा. फोटो काढून निघतात. तुम्ही आधी डाव्या भिंतीपाशी थांबा. पहिली पाच मिनिटं नुसता चॉकलेटी गोंधळ दिसेल. मग एक नर्तकी दिसेल, मग तिच्या भोवतीच्या वाद्यं वाजवणाऱ्या बाया, बासरी. ही महाजनक जातकाची गोष्ट. राजाला संसार नकोसा झालाय आणि राणी सीवली त्याला अडकवून ठेवायला नाच-गाण्याचा घाट घालते. पुढे राजा हत्तीवर बसून एका तपस्व्याकडे जातो. तिथे तपस्व्यापाशी बसलेली हरणं बघा, मान वर करून तीही प्रवचन ऐकतायत! शेवटी राजा घोड्यावरून नगराबाहेर पडतो.

एवढं पाहून झाल्यावर मागच्या भिंतीकडे वळा. तोपर्यंत डोळे तयार झालेले असतात. पद्मपाणीच्या मुकुटातले मोती उठून दिसतात, मागच्या खडकांत लपलेली माकडं आणि मोर सापडायला लागतात. आणि सगळं सोडून निघालेल्या राजाची गोष्ट नुकतीच बघितल्यामुळे ती खाली झुकलेली नजरही वेगळी वाटते. निदान मला तरी वाटते.

१७ नंबरच्या लेण्यात आणखी एक गंमत आहे. उजव्या भिंतीवर सिंहल नावाच्या व्यापाऱ्याची गोष्ट रंगवली आहे. जहाज फुटतं, व्यापारी एका बेटावर पोहोचतात, तिथल्या सुंदर बायका प्रत्यक्षात राक्षसिणी निघतात, एक उडणारा पांढरा घोडा सिंहलाला वाचवतो. एक राक्षसीण त्याच्या मागोमाग येते आणि राजाला भुलवून थेट त्याची राणी होते. राजाचा फडशा पडतो, लोक सिंहललाच राजा करतात आणि मग तो नावांतून हत्ती-घोडे घेऊन त्या बेटावर चाल करून जातो. वेब सीरिजचे आठ एपिसोड आरामात होतील एवढा मसाला.

पण ही गोष्ट डावीकडून उजवीकडे वाचायला जाल तर फसाल. जर्मन अभ्यासक डीटर श्लिंगलॉफ आणि आपल्या कला-इतिहासकार विद्या देहेजिया यांनी दाखवून दिलंय की अजिंठ्याचे चित्रकार प्रसंग बहुतेकदा काळाप्रमाणे मांडत नाहीत, जागेप्रमाणे मांडतात. राजवाड्यात घडलेलं सगळं एका बाजूला, भले ते गोष्टीच्या सुरुवातीचं असो की शेवटचं. बेटावरचं सगळं दुसरीकडे. त्यामुळे नजर मागे-पुढे, वर-खाली फिरवत, एकच माणूस पुन्हा कुठे दिसतो ते शोधत गोष्ट जुळवावी लागते. गोष्ट आधी माहीत असेल तर यात प्रचंड मजा आहे. माहीत नसेल तर ती नुसती गर्दी वाटते. म्हणून जाण्याआधी महाजनक, सिंहल आणि वेस्संतर या तीन गोष्टी वाचून जा. सगळ्या मिळून अर्ध्या तासाचं काम.

याच लेण्यात गाभाऱ्याच्या अलीकडच्या दालनात भिक्षापात्र घेतलेला भव्य बुद्ध आणि त्याच्यासमोर अगदी लहान दिसणारी यशोधरा आणि राहुल आहेत. बाप घरी परत आलाय, पण भिक्षू म्हणून. इथे काही समजावून सांगायची गरज पडत नाही.

चारच का, हेही सांगतो. घाईत बघणं हा काही फक्त आपला रोग नाही. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियममध्ये लोक एका चित्रासमोर किती वेळ थांबतात हे मोजलं गेलं होतं, २००१ साली ते प्रसिद्ध झालं. सरासरी निघाली २७ सेकंद. त्यातही बरीच मंडळी १७ सेकंदांच्या आत पुढे सरकली होती. आणि १९१६ सालीच बोस्टनच्या म्युझियममधल्या बेंजामिन गिलमन यांनी ‘म्युझियमचा थकवा’ या विषयावर लेख लिहिला होता. सतत वाकून, मान वळवून बघण्यानं माणूस कसा थकतो, याचे फोटोच त्यांनी काढले होते. अजिंठ्यात तर वर पायऱ्या आणि ऊन.

म्हणून माझी यादी छोटी आहे: १, १०, १७ आणि २६. लेण्यांचे नंबर प्रवेशाकडून मोजत दिलेले आहेत, वयानुसार नाहीत, हे लक्षात ठेवा. १० नंबरचं लेणं इसवी सनापूर्वीचं, इथल्या सगळ्यांत जुन्यांपैकी. २८ एप्रिल १८१९ रोजी जॉन स्मिथ नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्यानं इथल्या खांबावर स्वतःचं नाव कोरलं. आज ते आपल्या डोक्याच्याही वर दिसतं, कारण तेव्हा लेण्यात तेवढा दगडमातीचा ढीग साचला होता. (खांबावर नाव कोरायची हौस किती जुनी आहे बघा.) २६ नंबरला चित्रांसाठी जायचं नाही, जायचं ते महापरिनिर्वाणाच्या शिल्पासाठी. सुमारे सात मीटर लांबीचा पहुडलेला बुद्ध आणि खाली रडणारे शिष्य. १६ नंबर गाळला म्हणून गाईड रागावेल. तिथली ‘मरणासन्न राजकन्या’ प्रसिद्ध आहे खरी, पण चित्र इतकं झिजलंय की पहिल्या भेटीत हाती फारसं लागत नाही. दम उरला तर त्याऐवजी २ नंबरला जाऊन छत बघा.

दिवस कसा आखायचा? जमलं तर आदल्या रात्री फर्दापूरला किंवा जळगावला मुक्काम करा. जळगाव साठेक किलोमीटरवर आहे आणि रेल्वेनं येणाऱ्यांना तेच सोयीचं. सकाळी नऊला दार उघडताच आत शिरलात तर १ नंबरचं लेणं बऱ्यापैकी रिकामं मिळतं. उशीर झालाच तर उलटं करा, आधी सरळ २६ गाठा आणि गर्दी जेवायला गेली की मागे या. उन्हाचा चष्मा लेण्याच्या दारापर्यंत काढू नका, त्यामुळे डोळ्यांचं अर्धं काम आधीच होतं. आत मोबाईलची स्क्रीन बघू नका, एक नोटिफिकेशन पाहिलं की डोळे पुन्हा पहिल्यापासून. आतल्या माणसानं बाहेर जायला सांगितलं तर वाद घालू नका, बाहेरच्या ओसरीत सावलीत बसा आणि गर्दी ओसरली की परत जा. चपला पटकन निघतील अशाच घाला, उन्हाळ्यात सोबत मोजे ठेवा. सोबत वयस्कर मंडळी असतील तर डोलीवाले मिळतात. आणि सोमवारी लेणी बंद असतात, हे विसरून आलेले लोक दर आठवड्याला फाट्यावरून परत जातात.

ज्यांना इतक्यात जाणं शक्य नाही, किंवा जाण्याआधी तयारी करायची आहे, त्यांच्यासाठी घरबसल्याही एक वाट आहे आणि तिचा इतिहास जरा दुर्दैवी आहे. रॉबर्ट गिल या लष्करी अधिकाऱ्यानं १८४४ पासून जवळपास वीस वर्षं इथे राहून नकला काढल्या. तो आणि पारो यांच्यावर ना. धों. महानोरांचं काव्य आहे आणि २०१२ साली आलेला ‘अजिंठा’ चित्रपटही. त्याची बहुतेक चित्रं लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये १८६६च्या आगीत जळाली. मग १८७२ पासून जॉन ग्रिफिथ्स मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टचे विद्यार्थी घेऊन कित्येक हंगाम इथे बसला. त्यातल्याही बऱ्याच नकला १८८५ साली लंडनमध्येच आगीत गेल्या. पुढे जपानी चित्रकारांनी काढलेल्या नकला १९२३च्या टोकियोच्या भूकंपात नष्ट झाल्या.

ग्रिफिथ्सच्या उरलेल्या नकला लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियमकडे आहेत आणि म्युझियमच्या वेबसाइटवर बघता येतात. पेस्तनजी बोमनजींसारख्या जे. जे.च्या विद्यार्थ्यांचा हात त्यात आहे. मोठ्या स्क्रीनवर उघडा, झूम करा आणि वर सांगितलेल्या गोष्टी त्यात शोधा. एका रविवारी एकच भिंत घेतली तरी पुष्कळ झालं. मग प्रत्यक्ष लेण्यात गेल्यावर एक वेगळीच गोष्ट लक्षात येईल: नकलेत असलेला एखादा चेहरा, एखादा हात आज भिंतीवर नाही. दीडशे वर्षांत तेवढा गिलावा खाली आला आहे.