मुलाचा आवाज, बाईचा गळा

पहाटे 5.00

उठल्यावर पहिला अर्धा तास मी बोलत नाही. घरच्यांना ते ठाऊक आहे, त्यामुळे कुणी काही विचारतही नाही. रात्रभर झोपलेला गळा लगेच कामाला लावला तर दिवसभर खरखरतो. म्हणून आधी कोमट पाणी, मग वाफ, मग तोंड मिटून गुणगुणणे, ओठ फुरफुरवणे आणि शेवटी खालच्या सा पासून वरच्या सा पर्यंत सावकाश चढणे. हे सगळे खिडकी लावून. बोईसरची पहाटेची हवा एखाद्या दिवशी छान असते, एखाद्या दिवशी एमआयडीसीकडून उग्र वास येतो. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या 2018 सालच्या मोजणीत आमच्या शेजारची तारापूरची औद्योगिक वसाहत देशातल्या अतिप्रदूषित वसाहतींमध्ये होती. इथे राहून आवाजावर पोट भरायचे तर वाफेच्या भांड्याला सुट्टी नाही.

मी डबिंग करते, हिंदीत आणि मराठीत. जपानी कार्टूनमधली आठ-दहा वर्षांची मुले बहुतेक माझ्याकडे येतात. माझे वय त्यांच्या आजीएवढे होत आले, तरी काम येते, कारण मुलाचा आवाज वयाने फुटतो आणि बाईचा तसा फुटत नाही.

सकाळी 6.15

स्टुडिओ अंधेरीला. बोईसर ते अंधेरी सुमारे 80 किलोमीटर. 16 एप्रिल 2013 पासून लोकल डहाणू रोडपर्यंत येऊ लागली, तेव्हा आमच्यासारख्यांना मुंबईतले काम आणि इथले घर दोन्ही धरून ठेवता आले. त्याआधी शटल आणि थांबली तर लांब पल्ल्याची गाडी, एवढाच आधार होता.

लेडीज डब्यातला हा वेळ माझ्या अभ्यासाचा. उमरोळी, पालघर, केळवे रोड, सफाळे असे एकेक स्टेशन मागे पडते आणि डब्यातली बोली बदलत जाते. कुठे वाडवळी, कुठे किनाऱ्यावरच्या मांगेल्यांची बोली, कुठे गुजराती, तर कारखान्यांसाठी इथे आलेल्या कुटुंबांची भोजपुरी. मी पुस्तक उघडून बसते, पण कान मुलांकडे असतो. मूल पळत पळत बोलते तेव्हा शब्दाच्या मध्येच श्वास घेते. हट्ट करताना वाक्याचा शेवट लांबवते. खोटे बोलताना भरभर बोलते. नवखे कलाकार मुलाचा आवाज म्हणून नुसता वरचा, किनरा सूर लावतात. तो दोन मिनिटांत कानाला टोचतो. मुलाचे वय श्वासात असते, आणि श्वास ऐकूनच शिकावा लागतो.

हे काम बायकांकडे कसे आले, त्याची गोष्ट जपानमधली आहे. आवाज कलाकार मासाको नोझावा यांचा जन्म 1936 चा. जपानी टीव्हीच्या सुरुवातीच्या काळात परदेशी मालिकांचे डबिंग थेट प्रक्षेपण चालू असतानाच व्हायचे. चुकले की दुरुस्ती नाही. लहान मुलांवर एवढी जोखीम टाकणे कठीण, म्हणून मुलांच्या भूमिका तरुण अभिनेत्रींकडे गेल्या आणि नोझावाबाईंची वाट तिथून सुरू झाली. 1968 मध्ये कितारो नावाचा मुलगा, 1978 मध्ये ‘गॅलेक्सी एक्सप्रेस 999’चा तेत्सुरो, 1986 पासून ‘ड्रॅगन बॉल’चा गोकू. पुढे गोकूची मुले गोहान आणि गोतेन हेही त्यांचेच आवाज. 2024 मध्ये आलेल्या ‘ड्रॅगन बॉल दायमा’तही गोकू त्यांनीच बोलला. पन्नाशी ओलांडलेल्या माझ्यासारखीला ‘आता पुरे’ असे कुणी म्हटले की मला त्या आठवतात.

सकाळी 10.00

बूथमध्ये शिरण्याआधी बांगड्या, घड्याळ, कानातले पर्समध्ये जातात. कपडे सुती, कारण सिंथेटिक ओढणीची सळसळही माईक पकडतो. समोर पडदा, स्टँडवर टाइमकोड घातलेली स्क्रिप्ट, हेडफोन एका कानावर. त्यात पायलट ट्रॅक, म्हणजे मूळ जपानी आवाज. काचेपलीकडे रेकॉर्डिस्ट आणि डबिंग डायरेक्टर.

‘‘ताई, ‘प’ जरा फुटतोय. माईकपासून थोडं बाजूला होऊन घ्या.’’

‘‘घेते. मागची ओळ लावा, हसण्यापासून.’’

एकेक संवाद असा घेतला जातो. जपानी कार्टूनमध्ये तोंडाचे आकार मोजकेच काढलेले असतात. मिटलेले, अर्धे, उघडे. त्यामुळे ओठांशी बारीक झटापट करावी लागत नाही. बोलणे कधी सुरू होते आणि कधी थांबते, ते मात्र चुकता कामा नये. इथे मराठीचा एक मोठा फायदा होतो. जपानीत क्रियापद वाक्याच्या शेवटी येते, आपल्याकडेही तसेच. मुलगा कबुली देताना अडखळतो आणि नेमकी गोष्ट शेवटी बोलतो, तिथे मराठी वाक्य त्याच जागी थांबते आणि त्याच जागी उलगडते. इंग्रजीवरून आलेल्या स्क्रिप्टमध्ये ही जागा हरवलेली असते. अशा वेळी मी डायरेक्टरला विचारून वाक्य फिरवून घेते.

जपानमध्ये सगळे कलाकार एकाच खोलीत, हातात स्क्रिप्ट धरून, तीन-चार माईकसमोर आळीपाळीने उभे राहतात. समोरच्याचा श्वास ऐकून उत्तर देतात. 2020 च्या साथीत ते लहान गटांत विभागले गेले, तरी मूळ रीत एकत्र काम करण्याचीच. मुंबईत मी एकटी असते. आईशी भांडायचे, मित्राला वाचवायचे, कुत्र्याला हाका मारायच्या, सगळे एकटीने. म्हणून सकाळच्या डब्यातली माणसे मला बूथमध्ये सोबत न्यावी लागतात.

दुपारी 1.15

डबा खाऊन घेते. भाकरी, दुधीची भाजी, थोडा भात. उपाशी राहिले तर पोटातली गुडगुड रेकॉर्ड होते, पोटभर खाल्ले तर श्वास आखूड होतो.

स्टुडिओत नव्या मुली असल्या की विषय निघतोच. मी त्यांना आपल्याकडच्या कामाची उदाहरणे देते. 1993 मध्ये दूरदर्शनवर जपानी ‘जंगल बुक’ आले, तेव्हा शेरखानला आवाज नाना पाटेकरांचा होता. ‘निंजा हातोरी’चा हिंदी आवाज मेघना एरंडे यांचा, मूळ जपानीत तो जुन्को होरी यांचा होता. एकाच निंजा मुलामागे दोन देशांतल्या दोन बायका. ‘बाहुबली’च्या हिंदी रूपात प्रभासमागे शरद केळकर, ‘पुष्पा’त अल्लू अर्जुनमागे श्रेयस तळपदे. मराठी घरांतले हे गळे देशभर ऐकले गेले. मुली चकित होतात. नटांची नावे त्यांना ठाऊक असतात, कार्टूनमागच्या बाईचे नाव बहुतेकींना पहिल्यांदाच कळते.

दुपारी 2.30

ओरडण्याचे संवाद नेहमी शेवटी. पडणे, मार खाणे, धावताना धापा टाकणे, लढाईतली आरोळी. हे आधी घेतले तर पुढचे हळुवार संवाद फाटक्या गळ्याने बोलावे लागतात. पोटातून जोर काढायचा, मान आणि जबडा सैल ठेवायचा, दोन टेकनंतर घोटभर पाणी. ‘‘आणखी एक घेऊया का?’’ असे डायरेक्टरने विचारले की मी घशाला विचारते. त्याने नाही म्हटले तर उद्यावर टाकायला सांगते. आधी हे सांगायला धीर होत नसे. आता ठामपणे सांगते, आणि नव्या मुलींनीही सांगावे असे मला वाटते.

दुपारी 4.30

नव्या मालिकेचे करारपत्र हातात येते. पूर्वी एका पानाची पावती असायची, आता कलमे वाढली आहेत. रेकॉर्ड केलेला आवाज ‘सध्याच्या आणि भविष्यातील सर्व तंत्रज्ञानासाठी’ वापरता येईल, अशी ओळ आली की मी पेन खाली ठेवते. त्या ओळीतून माझ्या गळ्याची नक्कल यंत्राकडून करून घेता येते. जुलै 2024 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने अरिजित सिंह यांच्या आवाजाची अशी नक्कल करणाऱ्यांना अंतरिम आदेशाने रोखले. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये जपानमधल्या 26 आवाज कलाकारांनी परवानगीशिवाय होणाऱ्या नकलेविरुद्ध मोहीम उघडली, त्यात र्‍यूसेई नाकाओंसारखे ज्येष्ठही होते. अरिजितना सगळे ओळखतात. माझे नाव कुठे लिहिलेलेच नसेल, तर हा आवाज माझा हे मी कशावरून दाखवू?

एका मोठ्या मालिकेत मी मुख्य मुलगा बोलले आणि श्रेयनामावलीत डबिंगचा उल्लेखच नव्हता. पुष्कळांना ही मानापमानाची गोष्ट वाटते. कायदा वाचला की तिचे वजन कळते. कॉपीराइट कायद्यात 2012 मध्ये झालेल्या दुरुस्तीने कलाकाराला स्वतःच्या सादरीकरणावर नाव लागण्याचा हक्क दिला. पण चित्रपटात ज्याचे काम किरकोळ आहे आणि रिवाजानुसार ज्याचे नाव कुठेच येत नाही, तो बहुतेक बाबतींत कायद्याने ‘कलाकार’च धरला जात नाही. मुख्य भूमिकेला कुणी किरकोळ म्हणू शकणार नाही. तरीही नाव न लिहिण्याचा रिवाज आपण चालू दिला, तर आपलीच बाजू लंगडी होते.

जपानमध्ये नोझावाबाई एवढी वर्षे टिकल्या, त्यात त्यांची साधना आहेच. पण तिथे कलाकार संघाचे दरपत्रकही आहे. नवख्यालाही अर्ध्या तासाच्या भागामागे 15,000 येन ठरलेले, मग संवाद एक असो वा शंभर. श्रेणी वाढली की दर वाढतो, आणि पात्रापुढे कलाकाराचे नाव पडद्यावर येते. आपल्याकडे असोसिएशन ऑफ व्हॉइस आर्टिस्ट्स ही संघटना आवाजाच्या हक्कांसाठी बोलते. तिला बळ द्यायचे काम आमचे आहे.

संध्याकाळी 6.00

अंधेरीहून परतीची गर्दी. लोकलच्या खडखडाटात माणूस नकळत मोठ्याने बोलतो, आणि दिवसभर जपलेला गळा इथेच बसतो. मी मान हलवून, हसून, हातांनी बोलते. विरारनंतर डबा जरा मोकळा होतो, वैतरणेची खाडी येते, आणि नेहमीच्या मैत्रिणी न विचारता मला खिडकी देतात.

रात्री 8.30

बोईसरच्या आमच्या इमारतीत कारखान्यांत काम करणाऱ्या पाच-सहा राज्यांतल्या माणसांची घरे आहेत. पोरे जिन्यावर खेळताना कार्टूनमधल्या हिंदीत भांडतात. अलीकडे मराठी डबिंग बघणारी दोघे-तिघे मराठीतून भांडू लागली आहेत. त्यांची वाक्ये सरळ, खणखणीत, घरात बोलतात तशी. पुस्तकी भाषांतर झाले असते तर ती त्यांच्या तोंडी बसली नसती. एवढ्यासाठी तरी हे काम नीट झाले पाहिजे.

रात्री 9.30

उद्याची स्क्रिप्ट वाचून श्वासाच्या जागांवर खुणा करते. मग करारपत्र पुन्हा उघडते. तंत्रज्ञानाची ओळ खोडून तिथे ‘फक्त या मालिकेसाठी’ असे लिहिते. खाली एक अट जोडते: हिंदी आणि मराठी दोन्ही रूपांत, प्रत्येक भागाच्या शेवटी, पात्राच्या नावापुढे आवाज देणाऱ्या सर्वांची नावे यावीत, गर्दीतला एक शब्द बोलणाऱ्यांचीसुद्धा. कागदाचा फोटो कोऑर्डिनेटरला पाठवते आणि नव्या मुलींच्या ग्रुपवरही टाकते, म्हणजे त्यांनाही हेच मागता येईल.